दूध, लोणी आणि लॉब्स्टर

मासे खाल्ल्यावर दूध पिऊ नये, ही ताकीद मराठी घरात वाढलेल्या प्रत्येकाने ऐकलेली असते. त्यामुळे अमेरिकेच्या ईशान्य किनाऱ्यावरची माणसं लॉब्स्टर चक्क दुधात शिजवतात हे कळलं, की दोन प्रश्न हमखास पुढे येतात. हे खाणं बाधत कसं नाही? आणि मुळात ते दूध नासत कसं नाही?

पहिल्याचं उत्तर थोडक्यात देता येतं. दूध आणि मासे ही जोडी चरकसंहितेने विरुद्ध आहारात घातली आहे. ती एकत्र खाल्ली तर अंगावर कोड उठतं, असा समजही सर्वत्र रूढ आहे. आधुनिक वैद्यकाला मात्र असा संबंध आढळलेला नाही. शरीराची प्रतिकारशक्ती स्वतःच्याच त्वचेतल्या रंगपेशींवर उलटली की कोड होतं. जेवणात काय कशाबरोबर खाल्लं याच्याशी त्याचं नातं नाही. स्कॉटलंडमध्ये धुरी दिलेला हॅडॉक मासा दुधात शिजवतात, फिनलंडमध्ये सामन माशाचं सार क्रीम घालून करतात, आणि तिथे हे पदार्थ रोजच्या जेवणातले आहेत. ज्यांना कोळंबी-खेकड्यांची किंवा दुधाची ॲलर्जी आहे, त्यांनी मात्र या वाटेला जाऊ नये.

दुसऱ्या प्रश्नाला एवढ्यावर सोडता येत नाही. त्याचं उत्तर शोधताना हा पदार्थ कसा करायचा, तेच कळत जातं.

१. स्ट्यू म्हणजे नेमकं काय?

लॉब्स्टर स्ट्यू हा मेन राज्याचा पदार्थ. न्यू इंग्लंडच्या किनाऱ्यावर याच कुळातले आणखी दोन पदार्थ मिळतात आणि नवख्याची त्यांत गल्लत होते. चाऊडरमध्ये बटाटा आणि कांदा असतो, त्यामुळे तो दाट आणि पोटभरीचा होतो. बिस्क ही मूळची फ्रेंच पद्धत: कवचांचा अर्क काढायचा, तांदूळ किंवा पिठाने तो दाट करायचा आणि गाळून एकजीव करायचा. मेनच्या स्ट्यूत यातलं काहीच नसतं. लॉब्स्टरचं मांस, लोणी, दूध, क्रीम, मीठ आणि मिरपूड, इतकंच. तो चमच्यावरून सहज ओघळण्याइतका पातळ असतो. मलईदारपणा त्याला पिठामुळे येत नाही, दुधातल्या स्निग्धांशामुळे येतो.

इतक्या थोड्या जिनसांच्या पदार्थात चूक झाकायला जागा उरत नाही. आच किती आणि वेळ किती, या दोन गोष्टी सांभाळल्या तर स्ट्यू जमतो. पुढची प्रत्येक पायरी याच दोन गोष्टींची आहे.

२. नांग्यांचा लॉब्स्टर आणि बिननांग्यांची शेवंड

मेनच्या समुद्रातल्या लॉब्स्टरचं शास्त्रीय नाव होमारस अमेरिकॅनस. त्याला दोन भल्यामोठ्या नांग्या असतात आणि त्या सारख्या नसतात. एक जाड, बोथट दातांची, शिंपले फोडायला. दुसरी निमुळती, धारदार, कापायला. कोकणच्या किनाऱ्यावर मिळणारी शेवंड या कुळाची नव्हे. तिला अशा नांग्या नसतात. त्याऐवजी काटेरी, लांबलचक मिशा असतात आणि खाण्याजोगं मांस जवळजवळ सगळं शेपटीत असतं. मेनच्या लॉब्स्टरमध्ये शेपटी, दोन्ही नांग्या आणि नांगीला धडाशी जोडणारे सांधे असा तीन ठिकाणी माल मिळतो. त्या सांध्यांतलं मांस सगळ्यात गोड, असं तिथले जाणकार मानतात.

मेनमध्ये हा धंदा मोठा आहे आणि शिस्तीचा आहे. २०१६ साली तिथल्या बंदरांवर सुमारे ६० हजार टन लॉब्स्टर उतरला. एका परवान्यावर जास्तीत जास्त ८०० सापळे टाकता येतात. सापळ्यातून निघालेल्या प्रत्येक लॉब्स्टरच्या पाठीचं कवच डोळ्याच्या खोबणीपासून मागच्या कडेपर्यंत पितळी मापाने मोजतात. ते सव्वातीन इंचांपेक्षा कमी भरलं तर परत समुद्रात, आणि पाच इंचांपेक्षा जास्त भरलं तरीही परत. कारण मोठ्या माद्या सर्वाधिक अंडी देतात. पोटाखाली अंडी असलेली मादी सापडली, तर कोळी तिच्या शेपटीच्या पाकळीवर इंग्रजी व्ही अक्षरासारखी खाच पाडतो आणि तिला सोडून देतो. पुढे ती अंड्यांशिवाय कुणाच्या सापळ्यात आली, तरी त्या खाचेमुळे ती ओळखू येते आणि सुटते.

लॉब्स्टर जिवंतच घ्यावा असा आग्रह असतो, त्याला कारण आहे. त्याच्या धडात एक हिरवट ग्रंथी असते. यकृत आणि स्वादुपिंड या दोन्हींचं काम ती करते. लॉब्स्टर मेला की तिच्यातले पाचकरस शेजारच्या मांसात झिरपतात आणि ते मांस पिठूळ होऊ लागतं. जिवाणूही झपाट्याने वाढतात. सकाळी मेलेल्या लॉब्स्टरचा संध्याकाळी स्ट्यू होत नाही. त्यापेक्षा ताजा शिजवून गोठवलेला माल कधीही चांगला.

उन्हाळ्यात लॉब्स्टर जुनं कवच टाकतो. नवं कवच मऊ असतं आणि आत वाढीसाठी जागा असते, ती पाण्याने भरलेली. अशा लॉब्स्टरचं मांस गोड लागतं, पण वजनाच्या मानाने कमी निघतं. टणक कवचाच्या लॉब्स्टरमधून वजनाच्या साधारण पाचवा हिस्सा मांस मिळतं. चार माणसांसाठी ५५० ते ६०० ग्रॅमचे चार लॉब्स्टर घेतले, तर एकूण वजन सव्वादोन किलोच्या आसपास होतं आणि हाती साडेचारशे ग्रॅम मांस येतं.

३. शिजल्यावर लाल का होतो?

जिवंत लॉब्स्टर हिरवट-काळपट असतो. उकळत्या पाण्यात गेला की काही मिनिटांत लालबुंद. हा लाल रंग पाण्यातून येत नाही. तो आधीपासून कवचातच असतो. ॲस्टाझँथिन नावाचं हे रंगद्रव्य गाजराच्या रंगाच्या घराण्यातलं आहे, आणि लॉब्स्टरला ते खाद्यातून मिळतं. जिवंतपणी क्रस्टासायनिन नावाचं एक प्रथिन त्याला घट्ट धरून ठेवतं. त्या पकडीत रंगद्रव्याच्या रेणूचा आकार बदलतो आणि तो निळसर दिसू लागतो. या प्रथिनाची रचना ब्रिटनमधल्या संशोधकांनी क्ष-किरणांच्या मदतीने २००२ साली उलगडली. उष्णतेने प्रथिनाची घडी मोडते, पकड सुटते आणि मूळचा लाल रंग उघडा पडतो.

स्वयंपाकाच्या दृष्टीने यातली कामाची गोष्ट पुढे आहे: हा मोकळा झालेला रंग पाण्यात विरघळत नाही, तुपा-लोण्यात विरघळतो.

४. उकडणं आणि मांस काढणं

मेनच्या किनाऱ्यावर लॉब्स्टर समुद्राच्याच पाण्यात उकडतात. घरी करताना एक लिटर पाण्याला ३० ग्रॅमच्या आसपास मीठ घातलं की तेवढा खारेपणा येतो. भांडं मोठं हवं, म्हणजे लॉब्स्टर टाकल्यावर पाणी फार निवत नाही.

जिवंत प्राणी थेट उकळत्या पाण्यात सोडावा का, हा प्रश्न आता कायद्यापर्यंत पोचला आहे. आधी बेशुद्ध न करता लॉब्स्टर उकडायला स्वित्झर्लंडने मार्च २०१८ पासून बंदी घातली. लॉब्स्टर आणि खेकड्यांनाही संवेदना असते, हे ब्रिटनने २०२२ च्या प्राणिकल्याण कायद्यात मान्य केलं. घरी निदान एवढं तरी करावं: लॉब्स्टर २० ते ३० मिनिटं फ्रीझरमध्ये ठेवून सुन्न करावा, मग डोळ्यांच्या मागे, डोक्याच्या मधोमध जाड सुरी एका दाबात खाली उतरवावी आणि लगेच पाण्यात सोडावा.

पाण्याला पुन्हा उकळी फुटल्यापासून आठ-नऊ मिनिटं पुरतात. मांस पुढे लोण्यात आणि दुधात पुन्हा गरम होणार असतं, म्हणून इथे किंचित आधीच थांबलेलं बरं. त्याच्या प्रथिनांपैकी काही ५० अंश सेल्सियसच्या आसपास आवळू लागतात आणि मांस पांढरं, लुसलुशीत होतं. ६५ अंशांच्या पुढे उरलेली प्रथिनंही आवळतात, रस पिळून बाहेर येतो आणि मांस रबरासारखं चिवट होतं. म्हणून बाहेर काढल्याबरोबर लॉब्स्टर बर्फाच्या पाण्यात घालावा; नाहीतर कवचात कोंडलेल्या उष्णतेने तो आतल्या आत शिजत राहतो.

निवल्यावर शेपटी पिळून वेगळी करायची. पोटाकडच्या पातळ कवचावर कात्रीने सरळ काप दिला की आतलं मांस अखंड निघतं. पाठीच्या बाजूने जाणारी काळी शिर कोळंबीसारखीच काढून टाकायची. नांगीचा लहान, हलणारा भाग आधी मागे वाकवून ओढला की त्याच्याबरोबर आतली पातळ, पारदर्शक पट्टीही निघून येते. मग सुरीच्या पाठीने एक ठोका घालून मोठा भाग फोडायचा. सांध्यांतलं मांस बांबूच्या काडीने ढकललं की सुटतं. तुकडे मोठे ठेवावेत, कारण बारीक केलेलं मांस दुधात पटकन चिवट होतं.

जुने मेनवासी ती हिरवी ग्रंथीही लोण्यात परतून स्ट्यूत घालत. समुद्रातली विषारी द्रव्यं नेमकी तिथेच साठतात हे लक्षात आल्यापासून मेनचा आरोग्य विभाग ती न खाण्याचा सल्ला देतो. ती टाकून द्यावी. रिकामी कवचं मात्र टाकू नयेत.

५. लोण्याचं काम

कोल्हापुरी रश्श्यावरची तर्री लाल का दिसते? मिरचीचा रंग तेलात उतरतो आणि तेल वर तरंगतं म्हणून. स्ट्यूतही हेच घडतं, आणि मिरचीचा रंग व लॉब्स्टरचा रंग दोन्ही एकाच रासायनिक कुळातले आहेत. लोणी मंद आचेवर वितळवून त्यात मांसाचे तुकडे सोडले, की चार-पाच मिनिटांत पिवळं लोणी कडेकडेने केशरी होत जातं. तुकड्यांवरची तांबडी साल फिकी पडते आणि रंग खाली भांड्यात उतरतो. लॉब्स्टरच्या वासातला मोठा हिस्साही स्निग्धांशातच विरघळणारा असतो. म्हणून मांस थेट दुधात टाकलं तर स्ट्यू पांढराफटक आणि बेचव होतो. लोण्यातून गेलं तर रंग आणि वास भांडंभर पसरतात.

चार माणसांना ९० ते १०० ग्रॅम लोणी लागतं. आच इतकी मंद हवी की लोण्याला फेस येईल, पण ते तडतडणार नाही. लोणी करपून तपकिरी झालं तर त्याचाच वास वरचढ होतो.

६. दूध कधी फाटतं आणि कधी नाही?

दुधातलं मुख्य प्रथिन केसीन. त्याचे अतिसूक्ष्म गोळे दुधात तरंगत असतात. प्रत्येक गोळ्यावर ऋण विद्युतभार असल्यामुळे ते एकमेकांना दूर ढकलतात आणि दूध एकसारखं राहतं. त्यात आंबट पडलं की हा भार नाहीसा होतो, गोळे एकमेकांना चिकटतात आणि दूध फाटतं. दूध जितकं गरम, तितका थोडा आंबटपणाही पुरतो. मिठाचा जास्त मारा आणि खळखळती उकळी यांची त्यात भर पडली, तर काम अधिकच लवकर होतं.

कोकणातल्या माशाच्या कालवणात कोकम किंवा चिंच असते. अशा कालवणात गाईचं किंवा म्हशीचं दूध ओतलं तर ते क्षणात नासेल. नारळाच्या रसात केसीन नसतं, म्हणून तो आंबटाबरोबर नांदतो. तोही जोराने उकळला तर फुटतोच. म्हणून रस घातल्यावर कालवण फक्त गरम करायचं, हे किनाऱ्यावरच्या सुगरणी जाणतात. मेनच्या स्ट्यूत आंबट काहीच नसतं. टोमॅटो नाही, लिंबू नाही, वाइन घालणारे ती अगदी शेवटी आणि चमचाभरच घालतात. त्यामुळे फाटण्याचं पहिलं कारण मुळातच गैरहजर असतं.

दुसरं संरक्षण क्रीमचं. क्रीममध्ये स्निग्धांश जास्त आणि केसीन कमी असतं, त्यामुळे ते दुधापेक्षा जास्त उष्णता सोसतं. अमेरिकेतल्या पूर्ण दुधात किमान ३.२५ टक्के आणि दाट क्रीममध्ये किमान ३६ टक्के स्निग्धांश असतो. ७५० मिलिलिटर दूध आणि २५० मिलिलिटर क्रीम घेतलं, तर दुधातून सुमारे २४ ग्रॅम आणि क्रीममधून ९० ग्रॅम, म्हणजे लिटरभरात ११४ ग्रॅम स्निग्धांश होतो: साडेअकरा टक्क्यांच्या जवळ. आता हाच हिशोब भारतात मांडू. इथल्या फुल क्रीम दुधात ६ टक्के आणि अमूल फ्रेश क्रीममध्ये २५ टक्के स्निग्धांश असतो. तेवढ्याच मापांत ४५ अधिक ६२.५, म्हणजे सुमारे १०८ ग्रॅम. पावणेअकरा टक्के! इथलं क्रीम पातळ असलं तरी दूध दाट असल्यामुळे फरक जवळजवळ भरून निघतो; बाहेरून महागडं क्रीम आणण्याची गरज नाही.

मेनमधल्या कित्येक घरांत डब्यातलं आटवलेलं, बिनसाखरेचं दूध वापरतात. ते फाटू नये म्हणून त्यात फॉस्फेटसारखे क्षार घातलेले असतात, त्यामुळे ते सहसा दगा देत नाही. चवीत मात्र त्याला आटीव दुधाचा गोडसर वास येतो.

तिसरं संरक्षण आचेचं. दुधाला उकळी येऊ द्यायचीच नाही. भांड्याच्या कडेला बारीक बुडबुडे धरले आणि वर वाफ दिसू लागली, की तिथेच थांबायचं. हे ८० अंशांच्या आसपासचं तापमान असतं.

७. मुरण्याची वेळ

मार्जोरी स्टँडिश यांनी ‘मेन संडे टेलिग्राम’मध्ये वर्षानुवर्षं पाककृतींचं सदर लिहिलं. १९६९ साली आलेलं त्यांचं ‘कुकिंग डाऊन ईस्ट’ हे पुस्तक मेनच्या घराघरांत पोचलं. स्ट्यूबाबत त्यांचा भर दोन गोष्टींवर होता: दूध घालताना सतत ढवळणं आणि झालेला स्ट्यू पाच-सहा तास मुरू देणं. दूध त्या एकदम ओतत नसत. मांस आणि लोणी जरा निवल्यावर दुधाची बारीक धार धरायची आणि चमचा फिरवत राहायचं. असं केलं की केशरी लोण्याचे थेंब दुधात बारीक होऊन पसरतात आणि पांढरं दूध चमच्याखाली हळूहळू गुलाबी-केशरी होत जातं. दूध घाईने ओतलं तर लोणी वर तवंग होऊन राहतं.

मुरताना मांसातला रस आणि खारेपणा दुधात उतरतो, लोण्यातला वास सगळीकडे सारखा होतो. ताजा स्ट्यू आणि रात्रभर मुरलेला स्ट्यू शेजारी ठेवून चाखले तर फरक पहिल्याच चमच्याला कळतो. एक पथ्य मात्र पाळायला हवं: दूध आणि कवचधारी प्राण्यांचं मांस हे दोन्ही लवकर खराब होतात. भांडं गार पाण्यात ठेवून स्ट्यू निववावा आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावा. मुंबईच्या उकाड्यात तर त्याहून लवकर.

८. सगळी कृती एका ठिकाणी

चार माणसांसाठी: उकडून सोललेलं लॉब्स्टरचं मांस साडेचारशे ग्रॅम, लोणी १०० ग्रॅम, फुल क्रीम दूध ७५० मिलिलिटर, क्रीम २५० मिलिलिटर, मीठ, पांढरी मिरपूड.

धुतलेली कवचं थोडी ठेचून दुधात घालावीत आणि दूध न उकळता २० मिनिटं मंद आचेवर ठेवावं. मग बारीक कापडातून गाळून कोमट होऊ द्यावं. जाड बुडाच्या भांड्यात लोणी वितळवून त्यात मांसाचे मोठे तुकडे चार-पाच मिनिटं हलक्या हाताने परतावेत. आच बंद करून पाच मिनिटं थांबावं. कोमट दुधाची धार धरत ढवळावं, मग क्रीम घालावं. मंद आचेवर कडेला बुडबुडे येईपर्यंत गरम करून उतरवावं, निववावं आणि फ्रिजमध्ये ठेवावं. दुसऱ्या दिवशी तसंच मंद आचेवर गरम करावं. मीठ अगदी शेवटी, चाखून घालावं. लॉब्स्टर खाऱ्या पाण्यात उकडलेला असल्यामुळे आधी घातलेलं मीठ बहुधा जास्त होतं.

मेनमध्ये यासोबत खारी, कोरडी बिस्किटं लागतात. क्राऊन पायलट नावाच्या जुन्या बिस्किटाचं उत्पादन १९९६ मध्ये थांबलं, तेव्हा मेनच्या शिबीग बेटावरच्या रहिवाशांनी आवाज उठवला आणि कंपनीने ते पुन्हा सुरू केलं. पुढे २००८ मध्ये ते कायमचं बंद झालं. मराठी घरात त्याची जागा साधी, बिनजिऱ्याची खारी किंवा कडक भाजलेला पाव घेऊ शकतो.

९. शेवंडीचा स्ट्यू

महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर मिळते ती शेवंड हिरवट अंगाची, शेपटीवर पांढरे आडवे पट्टे असलेली. तिचा रंगही शिजल्यावर त्याच कारणाने बदलतो आणि लोण्यात तसाच उतरतो. तिचं मांस मेनच्या लॉब्स्टरपेक्षा घट्ट असतं, म्हणून उकडण्याची वेळ एखाद-दोन मिनिटांनी कमी ठेवावी आणि शेपटीचे काप आडवे, बोटभर जाडीचे करावेत. अर्ध्या किलोची एक शेवंड एका माणसाला पुरते. नांग्यांचं मांस इथे मिळत नसल्यामुळे धड आणि पायांचा अर्क दुधात उतरवण्याची पायरी चुकवू नये. बरीचशी चव तिथूनच येते.

बाजारात घेताना दोन गोष्टी पाहाव्यात. पहिली, वजन. या जातीची ३०० ग्रॅमपेक्षा लहान शेवंड निर्यात करायला भारत सरकारने २००३ साली मनाई केली. हा नियम निर्यातीपुरता असला तरी घरच्या खरेदीलाही तेच माप लावावं. त्याखालच्या शेवंडीत मांस कमी भरतं आणि तिची पिलं व्हायची राहून गेलेली असतात. दुसरी, पोटाची बाजू. शेपटीखाली केशरी किंवा तपकिरी अंड्यांचे घोस दिसले तर ती मादी घेऊ नये आणि विकणाऱ्या मावशींना तसं सांगावं. मुंबईच्या समुद्रात सपाट जातीच्या शेवंडीची मासेमारी एकेकाळी जोरात होती. अंडी घातलेल्या माद्या ट्रॉलरच्या जाळ्यांत येत राहिल्या आणि १९९४ च्या सुमाराला ती मासेमारी कोसळली. गिऱ्हाईकच अंड्यांची मादी नाकारू लागलं, तर ती बाजारात आणण्यात कुणाचाच फायदा उरणार नाही.